एकोणीस वेळा मेलेला शेजारी

तो मेला तेव्हा मी तिथे नव्हते. त्याच्या लेकीने फोनवर सुनेला सांगितलं आणि सुनेने मला. दुपारचं जेवण झालं, टीव्हीसमोरच्या खुर्चीत जाऊन बसला, आणि तासाभराने चहा द्यायला बाई आली तेव्हा कळलं. मान एका बाजूला, तोंड उघडं, मांडीवर जेवतानाच सांडलेलं सूप.

मला वाईट वाटलं. पण त्याच्याआधी मनात आलं ते असं, की हा माणूस इतका वाईट कसा मेला. कारण मरण्याचं काम करण्यात त्याचा हात धरणारा कोणी नव्हता. नाटकात आणि सिनेमात मिळून एकोणीस वेळा मेला होता तो. गोळी लागून सगळ्यांत जास्त. मग तापाने. दोनदा बुडून, एकदा बर्फात गोठून, एकदा घोड्यावरून पडून, आणि एकदा लग्नाच्या पंगतीत हसता हसता. प्रत्येक मरण वेगळं असे. बुडून मरताना म्हणे हात आधी हार मानतात आणि डोळे शेवटी. हे मला त्याने न्यू जर्सीत, एडिसन गावातल्या आमच्या बिल्डिंगमागे, बाकावर बसून करून दाखवलं होतं.

तो रशियन नट होता. मोठा नट नव्हे. ज्याचा चेहरा लोकांना आठवतो आणि नाव आठवत नाही, तसला. तिकडे तीस वर्षं एका गावच्या नाटक कंपनीत पगारी होता आणि मधूनमधून सिनेमात कामं करायचा. गाडीवान, कारकून, दारवान, चोरटा दुकानदार. बायको गेल्यावर लेकीने इकडे आणलं, आणि इकडे आल्यावर पुन्हा सिनेमात गेला. इथे त्याला सगळ्यांनी गुंड केलं. नाक मोठं, कान मोठे, बोलणं रशियन, मग दुसरं काय करणार.

मी श्रीवर्धनकडची. शाळा चौथीपर्यंत. पुढचा जन्म सुपारी सोलण्यात, निवडण्यात आणि कातरण्यात गेला. नवरा गेल्यावर मुलाने न्यू जर्सीला आणलं. येताना अडकित्ता मोठ्या बॅगेत लुगड्यांमध्ये गुंडाळून आणला. सुपारी इथे ओक ट्री रोडवर मिळते, आमच्यासारखी नाही, पण मिळते.

सून घरूनच काम करते. सकाळी नऊपासून कानाला ते यंत्र लावून बसते. एके दिवशी खोलीतून बाहेर आली आणि म्हणाली, "आई, प्लीज, मी कॉलवर असताना सुपारी नका ना कातरू. तो आवाज सगळ्यांना जातो. मॅनेजर विचारत होता, तुझ्याकडे कोणी नखं कापतंय का."

"सांग त्याला, सासू आहे."

"आई, सीरियसली सांगतेय मी."

मग मी पिशवी उचलली आणि खाली गेले. बिल्डिंगमागे एक तळं आहे. तळं कसलं, पावसाचं पाणी साठवायला खणलेला खड्डा. तिथे मोठी मोठी बदकं येतात आणि सगळं गवत घाण करून ठेवतात. तळ्यासमोर एक बाक. त्या बाकावर मी सुपारी कातरायला बसले.

समोरच्या तळमजल्यावरून एक म्हातारा आला. भरघोस मिशा. माझ्यापासून चार पावलांवर उभा राहिला आणि डोळे मिटले. मी कातरत होते. थांबले तसे त्याने डोळे उघडले.

"अगेन," म्हणाला.

मला वाटलं, वेडा आहे. पण पुन्हा कातरली. कट् असा आवाज झाला. त्याने मान हलवली. "गुड. लाइक स्मॉल गन."

मग येऊन बसला. बाक रिकामा असताना अगदी काठाला, अर्धा आत अर्धा बाहेर. मला नंतर कळलं, तो सगळीकडे तसाच बसायचा. जन्मभर काठाला उभं राहायची सवय. मधली जागा दुसऱ्या कोणाची तरी आहे असंच त्याला वाटे. मी एक खांड पुढे केलं. त्याने तोंडात टाकलं, चावलं, आणि उठून बदकांच्या दिशेने थुंकला. रुमालाने जीभ पुसली.

"यू ईट धिस? व्हाय?"

"हॅबिट," मी म्हटलं.

पुन्हा कधी त्याने सुपारीला हात लावला नाही. पण रोज येऊन बसायचा.

दुसऱ्या दिवशी आला तेव्हा मिशा नव्हत्या. मला वाटलं भाऊ असेल. तिसऱ्या दिवशी बारीक काळ्या मिशा. सुनेने खिडकीतून पाहिलं आणि मला म्हणाली, "आई, समोर नक्की किती म्हातारे राहतात?" एकच होता. त्याच्याकडे बिस्किटांचा एक पत्र्याचा डबा होता आणि त्यात केलेल्या कामांच्या मिशा होत्या. प्रत्येक मिशी कागदात गुंडाळलेली, कागदावर रशियनमध्ये काहीतरी लिहिलेलं. लहर आली की एक काढायचा, लावायचा आणि टपाल आणायला जायचा. ही कोणाची मिशी, मी विचारायची. हा म्हणायचा, पोस्टमास्तर, बायकोला भितो. मग दिवसभर बायकोला भिणाऱ्यासारखा चालायचा.

त्याचं इंग्रजी गुंडांच्या कामांतून आलेलं. संवाद पाठ करून करून जेवढं तोंडात बसलं तेवढं. त्यामुळे साधी गोष्ट बोलायची तरी धमकीच्या भाषेत बोलायचा. दुकानात पोरगी सामान भरायला वेळ लावत असेल तर सावकाश म्हणायचा, "यू हॅव टेन सेकंड्स." ती घाबरायची. मी म्हणायची, "ही इज गुड मॅन. ओन्ली टॉक बॅड." माझं इंग्रजीही असंच. पण दोघांचं मोडकं असल्यामुळे आमचं एकमेकांना चटकन कळायचं. सुनेचं इंग्रजी मला कळत नाही. त्याचं कळायचं.

मला तो मावशी म्हणायचा. बिल्डिंगमधल्या सगळ्या मराठी पोरी म्हणतात ते ऐकून.

"यू ओल्ड. आय यंग," मी एकदा सांगितलं. "मी तुझी मावशी कशी होईन?"

"येस, मावशी," म्हणाला.

एकदा त्याने गवतावर मरून दाखवलं. मीच विचारलं होतं, सगळ्यांत अवघड मरण कोणतं. तो उठला, चार पावलं गेला, पोटावर हात धरला, आश्चर्य वाटल्यासारखं माझ्याकडे पाहिलं आणि गुडघ्यांवर बसला. मग आडवा झाला. एक पाय थोडा हलला आणि थांबला. मी लहानपणापासून मेलेली माणसं पाहिली आहेत. हा मेला असंच मला वाटलं, आणि ठाऊक असूनही माझ्या हातातला अडकित्ता खाली पडला. वरच्या मजल्यावरच्या कोणीतरी फोन केला. पोलिसांची गाडी आली, रुग्णवाहिका आली. ती पोरं स्ट्रेचर घेऊन धावत आली तसा हा उठून बसला, आणि कमरेत वाकून त्यांना नमस्कार केला. पोलिसाने फार झापलं. तो सगळं ऐकून घेत होता, पण चेहरा असा खुलला होता की काय सांगू. किती तरी दिवसांनी कोणीतरी पाहिलं होतं ना.

कामाची त्याची एक रीत होती. ती त्याने मला सांगितली होती आणि मी ती ऐकून सोडून दिली.

एका नाटकात त्याचं काम होतं दार उघडून आत यायचं आणि तार आली म्हणून सांगायचं. आतला मोठा नट प्यायचा. कधी एक वाक्य बोले, कधी तीन, कधी भलतंच. हा दाराबाहेर उभा, कधी आत जावं कळेना. पण आत जी बाई असे ती कप बशीत ठेवायची, तो रोज त्याच जागी. मग याने वाक्यांची वाट बघणं सोडून दिलं. कप वाजला की आत. तेव्हापासून प्रत्येक कामात हा असं काहीतरी शोधून ठेवायचा. कुठे काडी ओढल्याचा आवाज, कुठे जिन्याची पायरी करकरली ती. तो आवाज आला की त्याचं तोंड आपोआप उघडायचं.

"पीपल से राँग," म्हणायचा. "कप, नेव्हर."

पुढे पुढे तो विसरायला लागला. किटली चुलीवर ठेवून झोपला आणि ती वितळली. धुराने आगीचा भोंगा वाजला, ऐन थंडीत सगळी बिल्डिंग बाहेर उभी. दुसऱ्या खेपेला ओक ट्री रोडवर साड्यांच्या दुकानासमोर सापडला, मिशी लावलेला, आणि घर कुठे ते सांगता येईना. लेक घाबरली. हा म्हणाला, मी काम करत होतो, रस्ता चुकलेल्या माणसाचं. आता अशा माणसाचं काय करायचं? कुठे सोंग संपतं आणि कुठे विसरणं सुरू होतं ते कोणालाच कळेना. त्यालाही कळत होतं असं मला वाटत नाही.

लेक पाऊण तासाच्या अंतरावर राहते, औषधांच्या दुकानात नोकरी करते, एकटीच दोन पोरं वाढवते. वाईट बाई नाही. दर रविवारी डबे भरून आणायची. तिने म्हाताऱ्यांच्या एका होममध्ये जागा बघून ठेवली. हा म्हणाला, मी घर सोडणार नाही. दोन खोल्यांचं भाड्याचं घर, पण त्याच्या हातची मांडणी होती. डोळे मिटून हिंडायचा त्यात.

तेवढ्यात एक काम आलं. कोणी तरुण बाई लहानसा सिनेमा काढत होती. तिला एक रशियन बाप हवा होता. एकच प्रसंग. हॉटेलात बाप बसलाय, मुलगी येऊन म्हणते, आमच्याकडे राहायला चला. त्यावर बापाने तीन वाक्यं बोलायची. बंदूक नाही, धमकी नाही, मरायचं नाही. कॅमेरा त्याच्यावर. जन्मभर त्याने तार आली, घोडा तयार आहे, कोणी हलायचं नाही, असलीच वाक्यं बोललेली. स्वतःबद्दल बोलणारा माणूस त्याला कोणी करायलाच दिला नव्हता.

त्याने लेकीशी पैज लावली. मी हे काम नीट केलं तर होमचं नाव काढायचं नाही. नाही जमलं तर तू म्हणशील त्या दिवशी मी निघेन. लेकीने हातावर हात दिला. मी बाकावरच होते. मला ती पैज तेव्हाही आवडली नव्हती.

कागद घेऊन माझ्याकडे आला. मुलीचं वाक्य वाचायला कोणीतरी हवं होतं. मी म्हटलं, मला इंग्रजी वाचता येत नाही. मग सुनेने ते किराणा दुकानाच्या जाहिरातीच्या मागे मराठी अक्षरांत लिहून दिलं. "पापा, कम लिव्ह विथ अस." आणि त्याचं उत्तर: "आय हॅव अ हाउस. इट इज स्मॉल. बट इट नोज मी." सुनेने अर्थ सांगितला. मला घर आहे. लहान आहे. पण ते मला ओळखतं.

तीन आठवडे आम्ही रोज बसलो. मी वाक्य वाचायची. पहिल्या दिवशी कपाळाला हात लावला त्याने.

"मावशी, यू आर डॉटर. नॉट पोस्टमन."

"मला कोणी असं विचारलंच नाही तर मला कसं म्हणता येईल?" मी म्हटलं. "माझ्या मुलाने सरळ तिकीट पाठवलं."

हे मराठीतच म्हटलं. तो माझ्याकडे बघत राहिला आणि मग म्हणाला, "दॅट. से लाइक दॅट."

तेव्हापासून मी तसं म्हणायला लागले. म्हणून झालं की तो लगेच बोलायचा नाही. तळ्याकडे बघायचा. मी रिकामी बसणारी नाही. कागद खाली ठेवायची, सुपारी अडकित्त्यात धरायची आणि कातरायची. कट्. आणि तो बोलायचा. काय बोलायचा. आवाज मोठा नाही, हात नाही हलवायचा. नुसतं सांगायचा, की मला घर आहे. दर वेळी माझ्या डोळ्यांपुढे श्रीवर्धनच्या माझ्या घराला लावून आलेलं कुलूप यायचं. मी त्याला तसं कधी बोलले नाही. बोलायला हवं होतं.

एकदाही चुकला नाही. मी लेकीला सांगितलं, "युअर फादर, हंड्रेड मार्क."

शूटिंग एका बंद पडलेल्या हॉटेलात होतं, अर्ध्या तासावर. लेकीने रजा काढली. त्याने हट्ट धरला की मावशी पाहिजे, म्हणून मीही गेले. दारातच एका पोराने बजावलं, फोन बंद, आणि आत कसलाही आवाज चालणार नाही. सुनेनेही निघताना तेच सांगितलं होतं. "आई, तिथे अडकित्ता बाहेर काढू नका हं, सगळं रेकॉर्ड होतं." मी अडकित्ता पिशवीत तळाशी टाकला आणि पिशवी घट्ट बांधली. आयुष्यात सांगितलेलं मी फारसं ऐकलेलं नाही. त्या दिवशी ऐकलं.

त्याला टेबलापाशी बसवलं. पांढऱ्या, दमलेल्या माणसाच्या मिशा लावल्या होत्या, स्वतःच्या डब्यातल्या. समोर सुंदरशी पोरगी. ती म्हणाली, पापा, कम लिव्ह विथ अस, आणि तिच्या डोळ्यांत पाणी आलं. याने तिच्याकडे पाहिलं. आणि बघतच राहिला.

सगळे थांबले. त्या सिनेमावाल्या बाईला वाटलं, अभिनय चाललाय. मीही तसंच समजले. खूप वेळ गेला. मग तिने हळूच विचारलं, ठीक आहे ना? तो म्हणाला, येस, येस, अगेन.

पुन्हा तेच. पोरगी बोलली, हा तिच्याकडे बघतोय. कान जरा पुढे काढल्यासारखे. तिसऱ्यांदा, चौथ्यांदा. त्याची लेक माझ्या शेजारी उभी होती, तिने डोळ्यांवर हात ठेवला. सिनेमावाली बाई मोठी चांगली, तिने त्याच्या शेजारी बसून पहिले दोन शब्द सांगितले. ते त्याने म्हटले, पण शाळेतलं पोर म्हणतं तसे. नऊ वेळा केलं. त्याच्या कपाळावर घाम आला होता आणि मिशीची एक बाजू सुटली होती. शेवटी बाई म्हणाली, वाक्यांची गरजच नाही, असंच जास्त सुंदर आहे.

त्याला समजलं. सगळा जन्म या धंद्यात काढलेला माणूस, वाक्य काढून घेतलं की काय झालं ते त्याला कोणी सांगायला नको. उठला, तिथे होते नव्हते त्या सगळ्यांशी हात मिळवला, दिवे धरणाऱ्या पोराशीसुद्धा. मिशी काढली, कागदात गुंडाळली आणि खिशात ठेवली.

गाडीने परत निघालो. लेक चालवतेय, तो पुढे, मी मागे. सकाळपासून माझ्या तोंडात काही नव्हतं. मी पिशवी सोडली, अडकित्ता काढला आणि सुपारी कातरली.

कट्.

"आय हॅव अ हाउस," तो काचेबाहेर बघत म्हणाला. "इट इज स्मॉल. बट इट नोज मी."

जसंच्या तसं. बाकावर म्हणायचा तसं. लेकीने गाडी बाजूला घेऊन थांबवली. तो वळला आणि माझ्या हाताकडे पाहिलं. माझ्या आधी त्याच्या लक्षात आलं. मग हसायला लागला. इतका हसला की डोळे पुसायला लागला.

"मावशी," म्हणाला, "वन मोर."

"नाही," मी म्हटलं.

"प्लीज."

मी कातरली. तो बोलला. लेक माझ्याकडे अशी बघत होती की जणू आम्ही दोघं मिळून तिची थट्टा करतोय.

घरी पोचल्यावर मी सुनेला खाली बोलावलं. कॉल चालू होता, तरी बोलावलं. पार्किंगमध्ये उभं राहून म्हटलं, हिला सगळं सांग. हा विसरला नव्हता. ही याची कामाची रीत आहे, नाटकातल्या कपासारखी. मी रोज सुपारी कातरायची, याने तोच आवाज धरून ठेवला, आणि आज मी कातरली नाही. चूक माझी आहे, याची नाही.

सुनेने सांगितलं. लेकीने नीट ऐकून घेतलं. मग शांतपणे काहीतरी म्हणाली. सून माझ्याकडे बघेना.

"काय म्हणाली?"

"आई, जाऊ दे ना."

"सांग."

"ती म्हणतेय, मी मानते. पण चुलीवर किटली ठेवल्यावर ती बंद करायची आठवण द्यायला कोण सुपारी कातरणार आहे?"

ती खोटं बोलत नव्हती, आणि मीही खोटं बोलत नव्हते.

तो तिथेच उभा होता. त्याने लेकीच्या हातावर हात ठेवला. मला म्हणाला, "आय गिव्ह वर्ड." शब्द दिलाय.

पंधरा दिवसांत घर रिकामं झालं. मिशांचा डबा लेकीने नेऊ दिला. होम चांगलं होतं, स्वच्छ, खिडकीतून झाडं दिसायची. पण त्या घराला हा ठाऊक नव्हता. रात्री न्हाणीघर समजून कपाटात शिरायचा. झाड मोठं झाल्यावर मुळापासून हलवलं की आमच्या वाडीत काय होतं ते मी पाहिलेलं आहे. तसंच झालं.

सून मला महिन्यातून एकदा न्यायची. त्याबद्दल तिचे उपकार मानते, तिला एक सबंध शनिवार लागायचा. असली वस्तू तिथे चालत नाही, म्हणून अडकित्ता पदराखालून न्यायची. त्याच्यासमोर बसून मुलीचं वाक्य म्हणायची आणि कातरायची. पहिले काही महिने सगळं म्हणायचा. तिथल्या बायका हसायच्या. मग "लहान आहे" हे गळलं. मग नुसतं "मला घर आहे" राहिलं. मीही वाक्य म्हणणं सोडलं, नुसती कातरायची. सून गाडीत म्हणाली, "आई, कशाला पुन्हा पुन्हा करता? त्रास होतो तुम्हाला." मी म्हटलं, गप्प गाडी चालव.

शेवटच्या खेपेला मी कातरली. त्याने माझ्या हाताकडे पाहिलं. मी थांबले. त्याने हळूच आपला हात पुढे केला, तळवा वर करून. मी त्यावर एक खांड ठेवलं. त्याने तोंडात टाकलं आणि चावत बसला. थुंकला नाही. गोड काहीतरी दिल्यासारखा खात राहिला.



तो गेल्यावर दोन-तीन महिन्यांनी सिनेमा आला. लेकीने सुनेला पाठवला. एका रविवारी सुनेने जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप लावला. लोकांनी त्याच्याबद्दल काय काय लिहिलंय ते आधी मला वाचून दाखवलं. कोणी म्हणे, त्या म्हाताऱ्याचं गप्प राहणं काळीज कापून जातं. कोणी म्हणे, त्याच्या नजरेत सगळं आयुष्य दिसतं. एकाने लिहिलं होतं, इतकं न बोलता बोलणारा नट कित्येक दिवसांत पाहिला नाही.

मग ते हॉटेल आलं. मधोमध तो, दमलेल्या माणसाच्या मिशा लावून. पोरगी म्हणाली, पापा, कम लिव्ह विथ अस. त्याने तिच्याकडे पाहिलं. सगळा पडदा त्याच्या चेहऱ्याने भरलेला. नजरेत काही नव्हतं. आयुष्य नाही आणि काही नाही. तो ऐकत होता. माझ्या हाताची वाट बघत होता. मी तिथे, चित्राच्या जरा बाहेर, बांधलेली पिशवी मांडीवर घेऊन बसले होते.

सुनेने बटण दाबून ते चित्र थांबवलं. मग म्हणाली, "आई, कातरा ना."

अडकित्ता समोरच होता, सुपारीही होती.

"आता काय उपयोग," मी म्हटलं. "चालू कर."

तिने चालू केलं. तो आणखी थोडा वेळ थांबला, आणि मग दुसरं चित्र आलं.